जवळची पूर्ण वर्ग संख्या शोधायचीय? बाकीकडे बघा

७३०६ च्या सर्वात जवळची पूर्ण वर्ग संख्या कोणती? असा प्रश्न आला की बरीच मुलं काय करतात, ८० चा वर्ग ६४००, ९० चा ८१००, मग मधले ८४, ८५, ८६ असे एकेक गुणाकार रफ पानावर करत बसतात, त्यातला एक चुकला की सगळंच गेलं, आणि सगळे बरोबर आले तरी वेळ जातो तो जातोच. स्कॉलरशिप, नवोदय, पोलीस भरती, तलाठी, कुठल्याही पेपरची तयारी करा, हा प्रश्न वेगवेगळे कपडे घालून समोर येतो. कधी "किती मिळवावे", कधी "किती वजा करावे", कधी "चौरसात उभे केले तर किती मुले उरतील".

माझं म्हणणं एकच आहे. वर्गमुळाचा भागाकार एकदा नीट केला की त्यानंतर एकही मोठा गुणाकार करायची गरज नसते. वर आलेलं मूळ आणि खाली उरलेली बाकी, या दोन आकड्यांकडे नुसतं बघितलं की जवळचा वर्ग अलीकडचा आहे का पलीकडचा ते तिथल्या तिथे कळतं, आणि किती मिळवायचे, किती वजा करायचे तेही. नियम एका ओळीचा आहे, पण तो का चालतो हे डोक्यात बसलं नाही तर ऐन पेपरात "बाकी मोठी असली की अलीकडचा का पलीकडचा" असा गोंधळ होतो, म्हणून सावकाश सगळं लिहितोय.

आधी थोडी तयारी

१ ते ३० चे वर्ग पाठ पाहिजेत, याला पर्याय नाही. २० पर्यंत बहुतेकांना येतात, गाडी अडते ती २१ ते २९ मध्ये: ४४१, ४८४, ५२९, ५७६, ६२५, ६७६, ७२९, ७८४, ८४१. हे नऊ आकडे रोज मोठ्याने म्हणा, बसतात. त्याच्या पुढचे पाठ करत बसू नका, ते पटकन काढता येतात.

शेवटी ५ असेल तर फारच सोपं. ३५ चा वर्ग पाहिजे, तर ३ ला त्याच्या पुढच्या म्हणजे ४ ने गुणा, १२ आले, त्यापुढे २५ लिहा, १२२५. तसंच ८५ चा, ८ नव्वे ७२, पुढे २५, ७२२५. ११५ लाही हेच चालतं, ११ गुणिले १२ म्हणजे १३२, म्हणून १३२२५.

५० च्या आसपासच्या संख्यांना २५ धरून चालायचं. ५३ म्हणजे ५० पेक्षा ३ जास्त, म्हणून २५ + ३ = २८ आणि पुढे ३ चा वर्ग ०९, झाले २८०९. ४७ म्हणजे ३ कमी, २५ − ३ = २२, पुढे तेच ०९, २२०९. इथे ०९ मधला शून्य लिहायचा राहतो आणि उत्तर २२९ होऊन बसतं, तेवढं सांभाळा. १०० च्या जवळ असेल तर ९६ म्हणजे ४ कमी, ९६ मधून अजून ४ काढा, ९२, पुढे ४ चा वर्ग १६, ९२१६. १०७ असेल तर ७ जास्त, १०७ + ७ = ११४, पुढे ४९, ११४४९. एवढं आलं की तयारी झाली.

दोन शेजारच्या वर्गांमधलं अंतर

सगळी गंमत इथे आहे, म्हणून इथे थोडं थांबा.

६ चा वर्ग ३६, ७ चा ४९. फरक १३, म्हणजे ६ + ७. २४ चा ५७६, २५ चा ६२५, फरक ४९, म्हणजे २४ + २५. कुठलेही दोन शेजारी घ्या, वर्गांमधला फरक म्हणजे त्या दोन संख्यांची बेरीजच येणार. का? ठिपक्यांची रांगोळी डोळ्यासमोर आणा, ६ ओळी आणि प्रत्येक ओळीत ६ ठिपके. याचं ७ बाय ७ करायचं आहे. उजव्या बाजूला ६ ठिपक्यांची एक उभी ओळ टाकली, खालच्या बाजूला ६ ठिपक्यांची एक आडवी ओळ टाकली, तरी खालच्या उजव्या कोपऱ्यात एक जागा रिकामी दिसते, तिथे एक ठिपका. ६ + ६ + १, तेरा. म्हणजे पुढच्या वर्गापर्यंत जायला लागतात मुळाची दुप्पट अधिक १. हे वाक्य लक्षात ठेवा, पुढे सारखं लागणार आहे.

आता मुळाची दुप्पट ही सम, त्यात १ मिळवला की विषम, म्हणजे दोन शेजारच्या वर्गांमधलं अंतर कायम विषम असतं. विषम अंतराचे दोन सारखे भाग पूर्ण संख्येत पडत नाहीत. म्हणून कुठलीही पूर्ण संख्या दोन वर्गांच्या बरोब्बर मध्यावर येऊच शकत नाही, ती कुठल्यातरी एकाच्या जवळ असणारच. "दोन्ही बाजूंना सारखंच अंतर असलं तर काय लिहायचं" ही भीती काढून टाका, तसं कधी होत नाही.

३६ आणि ४९ च्या मधल्या संख्या मोजून बघा, ३७ ते ४८, बारा आहेत. ४२ घ्या, ३६ पासून ६ लांब आणि ४९ पासून ७ लांब, म्हणून ३६ जवळचा. लगेच पुढची ४३, ती ३६ पासून ७ आणि ४९ पासून ६, म्हणजे पारडं फिरलं, ४९ जवळचा. पहिल्या सहा ३६ कडे जातात, पुढच्या सहा ४९ कडे. आणि फिरायची जागा कुठे आहे बघा, ३६ च्या पुढे ६ पर्यंत अलीकडचा, ६ च्या पुढे गेलं की पलीकडचा. आणि ६ हे तर मूळच आहे!

बस, हाच नियम. बाकी मुळाएवढी किंवा मुळापेक्षा लहान असेल तर जवळचा वर्ग अलीकडचा, बाकी मुळापेक्षा मोठी असेल तर पलीकडचा.

बाकी म्हणजे दिलेल्या संख्येतून तिच्या आतला सर्वात मोठा वर्ग काढला की जे उरतं ते. ७०० घेऊन बघा. २६ चा वर्ग ६७६, २७ चा ७२९. ७०० मधून ६७६ गेले, बाकी २४. मूळ २६. बाकी लहान, म्हणून ६७६ जवळचा. पडताळा हवाच असेल तर ७२९ − ७०० = २९, जास्त लांब, बरोबर. ७०० च्या ऐवजी ७०३ असती तर बाकी २७, मूळ २६, बाकी मोठी झाली, म्हणून ७२९. नुसता ३ चा फरक पण उत्तर बदललं, आणि अशा संख्या अंदाजाने सोडवल्या की हमखास चुकतात.

मोठ्या संख्येसाठी भागाकार

९०० च्या आतल्या संख्यांना पाठ वर्ग पुरतात. त्यापुढे भागाकार पद्धतच धरा. पुष्कळ जणांना ही पद्धत किचकट वाटते आणि सोडून देतात, पण तीन चार गणितं हाताने केली की हात बसतो, खरंच.

७३०६ करू.

पहिली स्टेप, उजवीकडून दोन दोन अंकांच्या जोड्या करा. ७३ आणि ०६. जोड्या नेहमी उजवीकडूनच, डावीकडून केल्या की तीन अंकी आणि पाच अंकी संख्येत घात होतो. डावीकडे एकटा अंक उरला तर तो एकटाच जोडी म्हणून चालतो.

दुसरी स्टेप, सर्वात डावीकडच्या जोडीत मावेल असा मोठ्यात मोठा वर्ग शोधा. ७३ मध्ये ८ चा वर्ग ६४ मावतो, ९ चा ८१ मावत नाही. वर ८ लिहा, ७३ − ६४ = ९ उरले.

तिसरी, पुढची पूर्ण जोडी खाली घ्या. ९ च्या पुढे ०६, झाले ९०६. इथे एकच अंक खाली घ्यायचा नाही, नेहमीच्या भागाकाराची सवय असते म्हणून सांगतोय.

चौथी, वर जे मूळ आलंय त्याची दुप्पट करा. ८ चे १६. आता १६ च्या पुढे एक अंक ठेवायचा आणि त्याच अंकाने गुणायचं, असं की गुणाकार ९०६ च्या आत राहील. १६५ × ५ = ८२५, बसतं. १६६ × ६ = ९९६, जास्त होतं. म्हणून ५.

पाचवी, ९०६ − ८२५ = ८१. जोड्या संपल्या. मूळ ८५, बाकी ८१.

आता नियम लावा, ८१ हे ८५ पेक्षा लहान, म्हणून जवळची पूर्ण वर्ग संख्या अलीकडची, ७३०६ − ८१ = ७२२५. संपलं. ८६ चा वर्ग काढावाच लागला नाही.

आणि कोणी विचारलं की ७३०६ मध्ये कमीत कमी किती मिळवले म्हणजे पूर्ण वर्ग होईल, तर तेही इथेच आहे. पुढच्या वर्गापर्यंत अंतर मुळाची दुप्पट अधिक १, म्हणजे १७१, त्यातले ८१ आपण चालून आलोय, उरले १७१ − ८१ = ९०. मिळवायचे ९०, वर्ग होईल ७३९६.

चौथ्या स्टेपमध्ये दुप्पट का करायची हे विचारणारं एक तरी मूल वर्गात असतं आणि त्याला उत्तर मिळायलाच पाहिजे. ८५ म्हणजे ८० आणि ५. ८५ चा वर्ग म्हणजे ८० चा वर्ग, अधिक ८० गुणिले ५ दोनदा, अधिक ५ चा वर्ग. ८० चा वर्ग ६४०० आपण दुसऱ्या स्टेपमध्येच काढून टाकला. उरलेला भाग म्हणजे १६० × ५ आणि ५ × ५, एकत्र केले की १६५ × ५. तीच ती दुप्पट, आणि तोच तो मागे ठेवलेला अंक. रांगोळीतली उजवीकडची ओळ आणि खालची ओळ, त्या दोन होत्या म्हणून दुप्पट, आणि कोपऱ्यातला तुकडा म्हणजे ५ × ५. आर्यभटाने इ. स. ४९९ मध्ये वर्गमूळ काढायची जी रीत श्लोकात सांगितली तिच्यातही मुळाच्या दुपटीनेच भाग द्यायला सांगितलंय. दीड हजार वर्षं झाली, आपण शाळेत जे करतो त्याचा गाभा तोच आहे, मला तरी याचं फार कौतुक वाटतं.

सहा अंकी एक करू, २१५०००. जोड्या २१, ५०, ००. २१ मध्ये ४ चा वर्ग १६, उरले ५. पुढची जोडी घेतली, ५५०. ४ ची दुप्पट ८, ८६ × ६ = ५१६ बसतं, ८७ × ७ = ६०९ बसत नाही, म्हणून ६, उरले ३४. पुढची जोडी, ३४००. आता मूळ ४६ झालंय, त्याची दुप्पट ९२, ९२३ × ३ = २७६९ बसतं, ९२४ × ४ = ३६९६ बसत नाही. म्हणून ३, उरले ६३१. मूळ ४६३, बाकी ६३१. बाकी मोठी आहे, म्हणून जवळचा वर्ग पलीकडचा. किती पुढे? ४६३ ची दुप्पट ९२६, अधिक १, ९२७, त्यातून ६३१ गेले, २९६. म्हणून जवळची पूर्ण वर्ग संख्या २१५००० + २९६ = २१५२९६, म्हणजे ४६४ चा वर्ग. आता हे पाठ वर्गांच्या जोरावर अंदाजाने करायचं म्हटलं तर ४६० च्या पुढचे किती गुणाकार करावे लागले असते बघा.

शून्याची जागा

या पद्धतीत मुलं सगळ्यात जास्त कुठे घसरतात तर मध्ये शून्य येतो तिथे. ९३००० घ्या. जोड्या ९, ३०, ००. डावीकडे ९ एकटाच आहे, चालेल. ३ चा वर्ग ९, बाकी शून्य. पुढची जोडी खाली, ३०. दुप्पट ६, आता ६१ × १ = ६१, हे ३० मध्ये मावतच नाही. मग मुलं काय करतात, सरळ पुढची जोडीही खाली घेतात आणि ६ च्याच पुढे अंक शोधायला लागतात. तसं नाही. १ सुद्धा मावत नाही म्हणजे त्या जागेचा अंक शून्य, तो वर लिहायचा, मूळ ३० झालं, मग पुढची जोडी घेऊन ३०००, आणि दुप्पट आता ३० ची, ६०. ६०४ × ४ = २४१६ बसतं, ६०५ × ५ = ३०२५ थोडक्यासाठी बसत नाही. उरले ५८४. मूळ ३०४, बाकी ५८४, बाकी मोठी, पलीकडचा वर्ग. ६०९ − ५८४ = २५. उत्तर ९३०२५, म्हणजे ३०५ चा वर्ग.

शून्य राहिला असता तर पकडता आला असता का? आला असता. बाकी कधीही मुळाच्या दुपटीपेक्षा जास्त असू शकत नाही, कारण दुप्पट अधिक १ झाली की पुढचा वर्गच पूर्ण होतो. शून्य विसरून कोणी ६९ × ९ = ६२१ केलं असतं तर मूळ ३९ आणि बाकी २३७९ आली असती, ३९ ची दुप्पट ७८, त्यापुढे २३७९, म्हणजे कुठेतरी मोठी चूक आहे हे लगेच दिसतं. प्रत्येक गणिताच्या शेवटी ही एक नजर टाकायची सवय लावा, दोन सेकंदांचं काम आहे. अंक एकाने कमी घेतला असेल तरी हीच तपासणी ती चूक पकडते.

प्रश्न काय विचारलाय ते आधी वाचा

गणित बरोबर येऊनही मार्क जातात ते इथे, आणि त्याचं मला फार वाईट वाटतं कारण मेहनत सगळी केलेली असते. एकच संख्या घेऊन दाखवतो, १००८.

भागाकार केला तर मूळ ३१, कारण ३१ चा वर्ग ९६१, आणि बाकी ४७.

"१००८ मधून कोणती लहानात लहान संख्या वजा करावी म्हणजे पूर्ण वर्ग मिळेल?" उत्तर बाकी, ४७. इथे जवळ लांब बघायचं नाही, वजा म्हटलं की अलीकडेच जायचं.

"कोणती लहानात लहान संख्या मिळवावी?" दुप्पट अधिक १ म्हणजे ६३, त्यातून ४७ गेले, १६. मिळवा म्हटलं की पलीकडेच, अलीकडचा कितीही जवळ असला तरी.

"सर्वात जवळची पूर्ण वर्ग संख्या कोणती?" बाकी ४७, मूळ ३१, बाकी मोठी, म्हणून पलीकडची, १०२४. उत्तरात पूर्ण संख्या लिहायची, १६ नाही. ऑप्शनमध्ये १६ सुद्धा असू शकतो.

"कोणत्या लहानात लहान संख्येने गुणावे म्हणजे पूर्ण वर्ग होईल?" हा प्रश्न दिसायला भाऊ वाटतो पण घर वेगळं आहे, इथे भागाकार पद्धत उपयोगाची नाही, मूळ अवयव पाडायचे. १००८ = २ × २ × २ × २ × ३ × ३ × ७. दोनच्या जोड्या लागल्या, तीनची लागली, ७ एकटा राहिला. म्हणून ७ ने गुणा, ७०५६ येतात, ८४ चा वर्ग. भागायला सांगितलं असेल तरी ७ नेच, १४४ येतात, १२ चा वर्ग.

एका संख्येची उत्तरं बघा, ४७, १६, १०२४, ७. चारही बरोबर, आणि चारही ऑप्शनमध्ये एकत्र असू शकतात. प्रश्नातल्या "मिळवावी", "वजा", "जवळची", "गुणावे" या शब्दाखाली पेन्सिलने रेघ मारूनच सुरुवात करा.

शाब्दिक गणितंही यातलीच. २००० मुलांना कवायतीसाठी चौरसात उभं करायचं, जेवढ्या ओळी तेवढीच प्रत्येक ओळीत मुलं, तर किती मुलं उरतील? मूळ ४४, कारण ४४ चा वर्ग १९३६, बाकी ६४. उरतील ६४ मुलं. पण "कोणालाही बाहेर न ठेवता चौरस पूर्ण व्हायला अजून किमान किती मुलं लागतील" असं विचारलं तर ८९ − ६४ = २५. रोपांच्या ओळी, चौरस हॉलमधल्या फरश्या, प्रत्येकाने जेवढे सभासद तेवढेच रुपये वर्गणी काढली, सगळी हीच गणितं आहेत.

ऑप्शन उडवायचे कसे

वेळ फारच कमी असेल तेव्हा ऑप्शनकडून या. पूर्ण वर्गाच्या एकक स्थानी २, ३, ७, ८ कधीच येत नाहीत. शेवटी शून्य असतील तर ते जोडीनेच असतात, दोन, चार, सहा. शेवटी ५ असेल तर २५ च असतात. शेवटी ६ असेल तर दशक स्थानी विषम अंक असतो, १६, ३६, ७६, ९६ असे, आणि शेवटी १, ४ किंवा ९ असेल तर दशक स्थानी सम अंक. अंकांची बेरीज करत करत एक अंकावर आणली तर ती १, ४, ७ किंवा ९ च येते.

समजा प्रश्न आहे ५५०० च्या सर्वात जवळची पूर्ण वर्ग संख्या, ऑप्शन ५४९२, ५४९६, ५४७६, ५६२५. पहिल्याच्या शेवटी २, गेला. दुसऱ्याच्या शेवटी ९६, दशकात विषम, ठीक वाटतं, पण बेरीज ५ + ४ + ९ + ६ = २४, २ + ४ = ६, गेला. आता उरले दोन, ५६२५ म्हणजे ७५ चा वर्ग हे आपल्याला येतंच, त्याचं अंतर १२५. ५४७६ चं अंतर २४, आणि तो ७४ चा वर्ग. उत्तर ५४७६. पण एक लक्षात घ्या, या खुणा नापास करायला आहेत, पास करायला नाहीत. सगळ्या खुणा जुळल्या म्हणजे ती संख्या पूर्ण वर्ग आहेच असं होत नाही, ५४७६ नक्की ७४ चाच वर्ग आहे ना हे बघावंच लागतं.

लहानात लहान, मोठ्यात मोठी

हा प्रकार पटकन उरकतो. "पाच अंकी मोठ्यात मोठी पूर्ण वर्ग संख्या" म्हणजे ९९९९९ चा भागाकार करून बाकी वजा करायची. मूळ ३१६, बाकी १४३, उत्तर ९९८५६. "सहा अंकी लहानात लहान" म्हणजे त्याच्या लगेच पुढचा वर्ग, ३१७ चा, १००४८९. चार अंकी लहान १०२४, मोठी ९८०१. तीन अंकी लहान १००, मोठी ९६१. पाच अंकी लहान १००००, सहा अंकी मोठी ९९८००१. ३१, ३२ आणि ३१६, ३१७ ही चार मुळं ध्यानात ठेवली की बाकीची आपोआप येतात, उरलेली सगळी १०, १०० आणि ९९, ९९९ चीच आहेत.

कॅल्क्युलेटर असेल तर

परीक्षेत नसतो, पण घरी उत्तरं तपासायला चालतो. वर्गमूळ काढा, पॉइंटनंतरचा भाग अर्ध्यापेक्षा कमी असेल तर अलीकडचं मूळ, जास्त असेल तर पलीकडचं, आणि त्याचा वर्ग करा. ७३०६ चं वर्गमूळ ८५.४७ च्या पुढे येतं, म्हणून ८५, म्हणून ७२२५.

हे इतकं सरळ चालतं याचं आश्चर्य वाटायला हवं, कारण ८५.५ चा वर्ग ७३१०.२५ आहे आणि ७२२५ व ७३९६ चा मध्य ७३१०.५, दोन्ही एकच जागा नाही. पण त्या दोघांच्या मध्ये एकही पूर्ण संख्या बसत नाही, ७३१० दोन्हींच्या अलीकडे आणि ७३११ दोन्हींच्या पलीकडे, म्हणून पूर्ण संख्यांसाठी ही रीत कधीच फसत नाही. दशांश संख्यांना मात्र आंधळेपणाने लावू नका, ७३१०.३ चं वर्गमूळ ८५.५ च्या किंचित वर येतं तरी तिला ७२२५ च जवळ आहे.

जवळचा वर्ग कळला की वर्गमुळाची अंदाजे किंमतही मिळते, हा वरचा फायदा. बक्षाली हस्तलिखितात, म्हणजे गणिताच्या एका फार जुन्या भारतीय पोथीत, जी १८८१ मध्ये पेशावरजवळच्या बक्षाली गावात जमिनीत सापडली आणि आता ऑक्सफर्डला आहे, तिच्यात नेमकी हीच रीत आहे. जवळचा वर्ग घ्या, बाकीला मुळाच्या दुपटीने भागा, ते मुळात मिळवा, मग एक छोटी दुरुस्ती वजा करा. ४१ वर करून बघू. जवळचा वर्ग ३६, मूळ ६, बाकी ५. ५ भागिले १२ म्हणजे ०.४१६७, म्हणून पहिला अंदाज ६.४१६७. आता दुरुस्ती, ०.४१६७ चा वर्ग करा आणि त्याला ६.४१६७ च्या दुपटीने भागा, साधारण ०.०१३५ येतात, ते वजा केले की ६.४०३२ च्या आसपास. ४१ चं खरं वर्गमूळ ६.४०३१. इतक्या जुन्या काळी, हाताने.

आता तुम्ही करा

१५०, १०००, ३०००, १२३४५, ५०००० आणि ८७४२. खालची उत्तरं झाकून ठेवा, प्रत्येकाची मूळ आणि बाकी कागदावर लिहा आणि मगच ठरवा.

१५० ला मूळ १२, बाकी ६, म्हणून १४४. १००० ला मूळ ३१, बाकी ३९, बाकी मोठी, म्हणून १०२४, इथे ९६१ लिहिणारे बरेच असतात. ३००० ला मूळ ५४, बाकी ८४, म्हणून ३०२५. १२३४५ ला मूळ १११, बाकी २४, म्हणून १२३२१. ५०००० ला मूळ २२३, बाकी २७१, बाकी मोठी, दुप्पट अधिक १ म्हणजे ४४७, वजा २७१, १७६ मिळवायचे, ५०१७६.

८७४२ ला मूळ ९३ आणि बाकीही ९३. मुळाएवढीच बाकी, म्हणजे अगदी कडेवरची संख्या, पण नियमात "मुळाएवढी" हा शब्द आहे तो याचसाठी. ८६४९ पासून ती ९३ लांब, ८८३६ पासून ९४ लांब, म्हणून उत्तर ८६४९. यातच १ मिळवून ८७४३ केलं तर उत्तर काय येईल, ते सांगा बरं.